तुरुंगातली तिसरी घंटा

त्या दिवशी आमच्या शेजारच्या काकू नेहमीप्रमाणे विरजणासाठी दही मागायला आल्या आणि पाच मिनिटे टीव्हीसमोर टेकल्या. बातम्या चालू होत्या. कुठल्याशा तुरुंगात कैद्यांनी बसविलेल्या नाटकाची दृश्ये दाखवीत होते. पुठ्ठ्याचे मुकुट, लाकडी तलवारी, रंगविलेले चेहरे आणि पहिल्या रांगेत टाळ्या वाजविणारे अधिकारी. काकूंनी क्षणभर पाहिले आणि त्या ताडकन उठल्या. ‘‘चला, येते मी,’’ म्हणाल्या. दह्याची वाटी ओट्यावरच राहिली.

दुसऱ्या दिवशी मीच वाटी घेऊन त्यांच्याकडे गेले. काकू तांदूळ निवडत होत्या. मान वर न करताच म्हणाल्या, ‘‘काल उठून आले, तुला वाईट वाटलं असेल. पण माझ्या धाकट्या भावाला ज्यानं मारलं, तोही असाच कुठंतरी मुकुट घालून उभा राहिला असेल, असं मनात आलं बघ. माझा भाऊ तर गेला. आणि यांना नाटकं? मग शिक्षा कसली ही?’’

काकूंच्या भावाची हकिगत आमच्या गल्लीत सर्वांना ठाऊक आहे. तीस वर्षांपूर्वी शेताच्या बांधावरून भांडण झाले आणि शब्दाने शब्द वाढून कोयता उचलला गेला. मारणाऱ्याला जन्मठेप झाली. शिक्षा भोगून तो गावी परतलाही. काकूंचे माहेर मात्र त्या दिवशी मिटले ते मिटलेच. आईने अंथरूण धरले आणि वडिलांनी शेत विकून टाकले.

अशा बाईच्या प्रश्नाला पुस्तकी उत्तर देता येत नाही. मी वाटी ठेवली आणि गप्प घरी आले. पण प्रश्न पाठ सोडीना. तुरुंगात नाटक कशासाठी? कैद्यांची करमणूक व्हावी म्हणून? अधिकाऱ्यांचे फोटो छापून यावेत म्हणून? की त्यातून खरोखर काही घडते? गेले काही दिवस याविषयी जे वाचले आणि मनाशी ताडून पाहिले, ते आज तुमच्यापुढे मांडते आहे.

तीन तासांचा प्रयोग, तीन महिन्यांची तालीम

वाचकहो, तुमच्यापैकी पुष्कळांनी कधी ना कधी नाटकात काम केलेले असेल. इंदूर असो, बडोदे असो, बेळगाव, हैदराबाद किंवा दिल्ली असो; चार मराठी घरे जमली की गणेशोत्सव आलाच आणि गणेशोत्सव आला की नाटकही आले. तिसरी घंटा होते, पडदा वर जातो, तेव्हा प्रेक्षकांना दिसतो तो शेवटचा भाग. खरे काम त्याआधी दोन-तीन महिने, ऑफिस सुटल्यावर कुणाच्या तरी गच्चीवर किंवा शाळेच्या वर्गात झालेले असते.

त्या तालमीत माणूस काय शिकतो? वेळेवर यायला शिकतो. पाठांतर करायला शिकतो. समोरच्याचे वाक्य पुरे होईपर्यंत थांबायला शिकतो. कारण त्याचे नीट ऐकले नाही, तर आपले कधी सुरू करायचे हे कळतच नाही. दिग्दर्शक चारचौघांत चूक दाखवितो, ती गिळायला शिकतो. आपण एक दिवस दांडी मारली तर दहा जणांचे काम अडते, हे त्याला कळते. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, काही काळ स्वतःला बाजूला ठेवून दुसऱ्या कुणाच्या तरी जागी उभे राहायला शिकतो.

आता याच यादीवरून पुन्हा एकदा नजर फिरवा. बांधावरच्या त्या भांडणात ज्याने कोयता उचलला, त्याच्यापाशी त्या क्षणी काय उणे होते? थांबणे नव्हते, ऐकणे नव्हते आणि समोरच्याच्या जागी स्वतःला ठेवून पाहणे तर नव्हतेच. जे नव्हते, त्याचीच रोजची शिकवणी म्हणजे नाटकाची तालीम. तुरुंगात नाटक बसविणारी मंडळी जगभर जे करू पाहतात, ते थोडक्यात एवढेच आहे.

वाल्याची गोष्ट, प्रेसिडेन्सी तुरुंगात

याचे आपल्या देशातले सर्वांत ठळक उदाहरण कोलकात्याचे. ते सांगण्यापूर्वी वाल्याची आठवण करून द्यायला हवी. वाटसरूंना लुटून मारणारा वाल्या, एकेका हत्येमागे एकेक खडा टाकून भरलेले सात रांजण, पापाचा वाटेकरी कोण हा नारदाचा प्रश्न आणि हात झटकून मोकळी झालेली बायकामुले. ही कथा ऐकतच आपण मोठे झालो. रवींद्रनाथ टागोरांनी मात्र ती वेगळ्या प्रकारे सांगितली. १८८१ मध्ये, वयाच्या विसाव्या वर्षी, त्यांनी ‘वाल्मीकि प्रतिभा’ ही संगीतिका रचली आणि जोडासांकोच्या घरी झालेल्या प्रयोगात वाल्मीकीची भूमिका स्वतःच केली. त्यांच्या कथेत नारदाचा उपदेश नाही. दरोडेखोर कालीमातेपुढे बळी देण्यासाठी एका लहान मुलीला बांधून आणतात. तिचा आक्रोश ऐकून त्यांच्या म्होरक्याच्या काळजाला पाझर फुटतो आणि तो तिचे दोर सोडायला सांगतो. इथून त्याचे बदलणे सुरू होते. पुढे लक्ष्मी वैभव देऊ करते, ते तो नाकारतो. आणि शेवटी सरस्वती प्रकट होऊन सांगते की ती मुलगी मीच होते.

पश्चिम बंगालमध्ये तुरुंगाला आता ‘संशोधनागार’ म्हणतात. बंगालीत संशोधन म्हणजे दुरुस्ती, सुधारणा. २००७ मध्ये महिला दिनाच्या कार्यक्रमानिमित्त नृत्यांगना अलकनंदा रॉय कोलकात्याच्या प्रेसिडेन्सी तुरुंगात गेल्या. तिथले कैदी पाहून त्यांना वाटले, यांना नृत्य शिकवावे. तुरुंग खात्याचे तेव्हाचे प्रमुख बी. डी. शर्मा यांनी पाठबळ दिले. पण पुरुष कैदी काही केल्या पुढे येईनात. नाचणे हे बायकी काम, असे त्यांचे म्हणणे. तेव्हा बाईंनी कलरीपयट्टूसारख्या लढाऊ कलेपासून सुरुवात केली. अंगातली रग वापरायला वाट मिळाली, तशी शरीरे सैलावली आणि मग मनेही. पुढे याच कैद्यांना घेऊन त्यांनी ‘वाल्मीकि प्रतिभा’ बसविली. नाट्यगृहांतून, सामान्य प्रेक्षकांपुढे तिचे प्रयोग झाले. प्रयोग संपला की टाळ्या घेऊन ही मंडळी पुन्हा गाडीत बसत आणि आपापल्या कोठडीत परतत. कैदी अलकनंदांना ‘मा’ म्हणू लागले.

वाल्मीकीचे काम नायजेल अक्करा नावाचा तरुण कैदी करीत असे. वाल्मीकीची भूमिका करताना आपलेच आयुष्य आपल्यापुढे उभे राहिले, असे त्याने पुढे मुलाखतींतून सांगितले आहे. विचार करा. ज्याच्या नावाला लोक बिचकत, त्याला रोज तालमीत त्या बांधलेल्या मुलीकडे पाहावे लागे. एकदा नव्हे, शंभर वेळा. आणि दर वेळी दोर सोडण्याचा हुकूम त्याच्याच तोंडून निघायला हवा. कीर्तनात ऐकलेला उपदेश या कानाने येतो आणि त्या कानाने जातो. शंभर वेळा हाताने आणि तोंडाने केलेली गोष्ट अंगात मुरते.

कोलकाता हे काही एकटे उदाहरण नाही. म्हैसूरच्या ‘रंगायण’मधील हुलुगप्पा कट्टिमनी यांनी १९९० च्या दशकाच्या अखेरीपासून कर्नाटकातील तुरुंगांत कैद्यांना घेऊन कन्नड नाटके बसविली. आपल्याकडे याला जुनी वाट नसली, तरी नवी वाट पडली आहे खरी.

जे रसिकांना कळले नाही ते कैद्यांना कळले

या साऱ्या हालचालीच्या मुळाशी एक फार जुना प्रसंग सांगतात. अमेरिकेतील कॅलिफोर्नियात सॅन क्वेंटिन नावाचा कडक बंदोबस्ताचा तुरुंग आहे. १९ नोव्हेंबर १९५७ रोजी तिथे सॅन फ्रान्सिस्कोच्या एका नाटक मंडळीने सॅम्युएल बेकेट यांचे ‘वेटिंग फॉर गोदो’ हे नाटक केले. दिग्दर्शक होते हर्बर्ट ब्लाऊ. हेच नाटक निवडण्याचे एक साधे कारण म्हणजे त्यात एकही स्त्री-भूमिका नव्हती! १९१३ मध्ये विख्यात फ्रेंच अभिनेत्री सारा बर्नहार्ट तिथे येऊन गेली होती. त्यानंतर इतक्या वर्षांत त्या तुरुंगात जिवंत माणसांनी केलेले नाटक झालेच नव्हते.

नाटकात घडते ते एवढेच: दोन भणंग माणसे एका झाडापाशी गोदो नावाच्या कुणाची तरी वाट पाहतात आणि तो येत नाही. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. अमेरिकेतल्या पहिल्या प्रयोगाला, १९५६ मध्ये, भारी तिकिटे काढून आलेले पुष्कळ प्रेक्षक मध्येच उठून गेले होते. सॅन क्वेंटिनचे सुमारे १४०० कैदी मात्र खिळून बसले. वाट पाहणे म्हणजे काय, हे त्यांना कुणी समजावून सांगण्याची गरज नव्हती.

रिक क्लची हा दरोडा आणि अपहरणाच्या गुन्ह्यात जन्मठेप भोगणारा कैदी होता. सुटकेची आशा नसलेली ती शिक्षा. त्या रात्री त्याला कोठडीबाहेर येण्याची परवानगीच नव्हती. त्याने ते नाटक ध्वनिक्षेपकावरून नुसते ऐकले. पण त्या ऐकण्याने तो हलला. त्याने सोबत्यांना जमवून तुरुंगातच नाटक मंडळी उभी केली, बेकेटची नाटके केली, स्वतःही नाटक लिहिले. १९६६ मध्ये राज्याच्या गव्हर्नरने त्याची शिक्षा कमी केली आणि तो बाहेर आला. पुढे प्रत्यक्ष बेकेट यांनीच १९७७ मध्ये बर्लिनला आपल्या नाटकात त्याला दिग्दर्शित केले. २०१५ मध्ये क्लची वारला, तो नट म्हणून. दरोडेखोर म्हणून नव्हे.

दुसरी बाजूही ऐका

इतके वाचून कुणी म्हणेल, ‘वा, मग सगळ्याच कैद्यांना मुकुट चढवा म्हणजे झाले!’ तसे नाही. दुसरी बाजू न सांगणे अप्रामाणिकपणाचे होईल.

स्वीडनमध्ये कुम्ला नावाच्या तुरुंगात यान यॉन्सन या नटाने हेच ‘गोदो’ कैद्यांकडून करवून घेतले. इतके सुरेख झाले की बाहेर प्रयोग करायला परवानगी मिळाली. १९८६ मध्ये गोटेनबर्ग शहरात प्रेक्षागृह भरले. आणि प्रयोगाच्या ऐन तोंडावर नटमंडळींतले बहुतेक कैदी पळून गेले! बेकेट यांच्या कानांवर ही बातमी गेली तेव्हा ते मनापासून हसले, असे सांगतात. लेखकाला हसू आले खरे. पण ज्या अधिकाऱ्याने परवानगीवर सही केली असेल, त्याची अवस्था काय झाली असेल? नाटक म्हणजे काही जादूची कांडी नव्हे. त्यात विश्वास टाकावा लागतो आणि टाकलेला विश्वास कधी कधी बुडतो.

दुसरी गोष्ट आकड्यांची. नाटकात भाग घेतलेले कैदी सुटल्यावर पुन्हा गुन्ह्याकडे फार कमी वळतात, असे ही कामे करणाऱ्या संस्था सांगतात. ते खोटे नसेल. पण तालमीला आपणहून येणारा कैदी मुळातच बदलायला थोडाफार राजी असतो, हेही ध्यानात ठेवले पाहिजे. सारे श्रेय नाटकाला देऊन चालणार नाही.

तिसरी गोष्ट अशी की एका दिवसाचा ‘कार्यक्रम’ म्हणजे नाटक नव्हे. पाहुण्यांना हार, दोन गाणी, एक प्रहसन आणि फोटो, एवढ्याने कुणी बदलत नाही. टीव्हीवर दिसतो तो मुकुट. त्यामागची महिनोन्महिन्यांची तालीम नसेल, तर काकूंचा राग अगदी रास्त म्हणावा लागेल.

मग शिक्षा कसली?

आता काकूंच्या मूळ प्रश्नाकडे येते. नाटकाने शिक्षा सौम्य होते का?

इटलीतील रोमच्या रेबिब्बिया तुरुंगात कैद्यांनी शेक्सपिअरचे ‘ज्युलियस सीझर’ बसविले. त्यावर ताव्हियानी बंधूंनी काढलेल्या चित्रपटाला २०१२ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळाले. त्याचा शेवट मोठा बोलका आहे. प्रयोग संपतो, प्रेक्षक टाळ्यांचा कडकडाट करतात आणि नट एकेक करून आपापल्या कोठडीत परततात. त्यांतला एक जण म्हणतो, ते असे: कलेशी ओळख झाली, तेव्हापासून ही खोली मला तुरुंग वाटू लागली आहे. म्हणजे नाटकाने त्याची शिक्षा हलकी झाली नाही, ती त्याला कळू लागली. मन बधिर करून वर्षे मोजणे त्या मानाने सोपे असते. जागे होऊन ती भोगणे कठीण.

लेबनॉनमधल्या रूमिये तुरुंगाची कथा याहून वेगळी. ‘एक रुका हुआ फैसला’ हा हिंदी चित्रपट तुमच्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. बंद खोलीतील बारा पंच, एका मुलाचा जीव आणि बदलत जाणारी मते. ज्या अमेरिकन कथेवर तो बेतला होता, तीच झेना दक्काश या दिग्दर्शिकेने २००९ मध्ये रूमियेच्या कैद्यांकडून करवून घेतली. ज्यांचा न्याय दुसऱ्यांनी केला होता, ती माणसे इथे न्याय करायला बसली. दुसऱ्याच्या आयुष्याविषयी निर्णय घेणे किती जड असते, हे त्यांना त्या खुर्चीत बसून कळले असेल. आणि समोर बसलेल्या बड्या अधिकाऱ्यांनाही काही कळले असावे. कारण चांगल्या वर्तनाबद्दल शिक्षेत सूट देणारा, २००२ मध्ये संमत होऊनही पडून राहिलेला कायदा त्यानंतर अमलात आला.

पण काकूंसाठी माझ्यापाशी याहून नेमके उत्तर होते. ते मिळाले ‘हॅम्लेट’मध्ये.

‘हॅम्लेट’ आणि तुरुंग यांचे नाते मराठी माणसाला तसे परके नाही. १८८२ मध्ये टिळक आणि आगरकर डोंगरीच्या तुरुंगात १०१ दिवस होते. त्या तुरुंगवासात आगरकरांनी ‘हॅम्लेट’च्या मराठी भाषांतराचे काम केले. ‘विकारविलसित’ या नावाने ते पुढल्या वर्षी छापून निघाले. विकारांचा विलास! रागलोभाच्या आहारी गेलेल्या माणसांच्या नाटकाला याहून चांगले नाव सुचले नसते.

अमेरिकेतल्या मिसुरी राज्यात ॲग्नेस विल्कॉक्स या दिग्दर्शिकेने हेच नाटक एका तुरुंगात बसविले. एका वेळी एकच अंक, सावकाश. २००२ मध्ये तिथल्या एका रेडिओ कार्यक्रमातून त्याची हकिगत लोकांपुढे आली. नाटकाच्या सुरुवातीला हॅम्लेटला त्याच्या वडिलांचे भूत दिसते. सख्ख्या भावाने मारलेला तो राजा आपला खून कसा झाला ते मुलाला सांगतो. ही भुताची भूमिका ज्या कैद्याकडे आली, तो स्वतः खुनाची शिक्षा भोगत होता. मारणाऱ्याला आता मेलेल्याची भाषा बोलायची होती. तालमी करता करता त्याला वाटू लागले, की या शब्दांतून आपण मारलेला माणूसच आपल्याशी बोलतो आहे. त्याला काय सांगायचे राहून गेले, ते आपल्याच तोंडून बाहेर पडते आहे. खटल्यात इतके दिवस उलटतपासण्या झाल्या असतील, पण हे त्याला तिथे कळले नव्हते. भुताच्या चार पानांनी कळले.

यात माफी नाही, शिक्षेत सूट नाही आणि मेलेला परतही येत नाही. पण मारणाऱ्याच्या मनात मेलेल्याला पहिल्यांदा जागा मिळाली. दंडाने, बेडीने, दगड फोडण्याने ती मिळतेच असे नाही.

फाटक उघडल्यावर

आता आपल्या घराकडे वळू. सरकारी आकडेवारीनुसार २०२२ च्या अखेरीस आपल्या देशातील तुरुंगांत सुमारे ५ लाख ७३ हजार माणसे होती. त्यांपैकी सुमारे ४ लाख ३४ हजार कच्चे कैदी. म्हणजे ज्यांच्या खटल्यांचा निकालच लागलेला नाही असे. चारांतले तीन! ही माणसे आज ना उद्या बहुतांशी घरी परतणार आहेत. आपल्याच गल्लीत, आपल्याच एसटीत, आपल्याच बाजारात. ती कशी होऊन परतावीत, हा प्रश्न त्यांच्याइतकाच आपलाही आहे.

नायजेल अक्कराचे पुढे काय झाले, ते सांगायचे राहिले. २००९ मध्ये तो सुटला. नाट्यगृहात त्याला टाळ्या मिळाल्या होत्या, पण बाहेर आल्यावर नोकरी मिळेना. जिथे जावे तिथे मागचा इतिहास आडवा येई. शेवटी त्याने स्वतःच साफसफाई आणि सुरक्षेची कामे घेणारी कंपनी काढली आणि आपल्यासारख्याच सुटून आलेल्यांना त्यात घेतले. २०१२ मध्ये या साऱ्या प्रयोगावर आधारलेला ‘मुक्तधारा’ हा बंगाली चित्रपट आला. त्यात मुख्य भूमिका त्यानेच केली. त्याला आपल्या पायांवर उभे राहता आले. पण प्रत्येकाला कंपनी काढता येत नाही. वाल्याचा वाल्मीकी झाला तरी त्याला भाड्याने खोली देणार कोण, हा प्रश्न पुराणात कुणी विचारला नव्हता. आज विचारावा लागतो.

आपल्या महाराष्ट्राला या बाबतीत वारसा आहे. १९३९ मध्ये औंध संस्थानाने आटपाडीजवळ ‘स्वतंत्रपूर’ ही कैद्यांची मोकळी वसाहत वसविली. भिंती नाहीत, कैदी शेती करतात आणि बायकामुलांसह राहतात. त्या प्रयोगावरून ग. दि. माडगूळकरांनी कथा लिहिली आणि व्ही. शांताराम यांनी १९५७ मध्ये ‘दो आँखें बारह हाथ’ काढला. तो आपण कितीदा पाहिला असेल! सहा कैद्यांवर विश्वास टाकणाऱ्या त्या जेलरसाठी आपण डोळे पुसले. थिएटरबाहेर आल्यावर मात्र सुटून आलेल्या माणसाला दुकानात उभे करून घेण्याचे धैर्य आपल्यापैकी कितींनी दाखविले?

तुमच्या गावात तुरुंग असेल आणि तुमच्या मंडळात नाटकाची हौस असणारी चार माणसे असतील, तर तुरुंग अधीक्षकांना एक अर्ज करून पाहा. तुमचे नाटक तिथे नेऊन दाखविण्यापेक्षा तिथल्यांचे नाटक बसवायला मदत करा. वेळ लागेल, परवानग्यांसाठी खेटे घालावे लागतील. आणि नाटक जमणार नसेल, तर निदान सुटून आलेल्या एखाद्याला ‘कुठून आलास’ याऐवजी ‘काय काम येतं’ असे विचारू या.

गेल्या रविवारी पुन्हा काकूंकडे गेले होते. कोलकात्याची गोष्ट सांगितली, त्यांनी नुसते ऐकले. सॅन क्वेंटिनचे सांगितले, तेव्हा त्या उठून गॅस बारीक करून आल्या. मग मी त्या भुताचे काम करणाऱ्या कैद्याची हकिगत सांगितली. काकूंचे हात थांबले. बराच वेळ त्या काही बोलल्या नाहीत.

‘‘माझ्या भावाचं काम त्यानं करायला हवं होतं गं,’’ शेवटी म्हणाल्या. ‘‘एकदा तरी.’’

त्यांनी त्याला माफ केले, असे मी म्हणणार नाही. त्यांनी करावे, असे सांगण्याचा मला अधिकारही नाही. मी निघाले तेव्हा त्यांनी माझी दह्याची वाटी आठवणीने परत दिली. आपल्याकडे वाटी रिकामी परत देत नाहीत. तिच्यात चार बेसनाचे लाडू होते. ‘‘भावाला फार आवडायचे,’’ एवढेच म्हणाल्या. इतक्या वर्षांच्या शेजारात त्याच्या आवडीनिवडीविषयी त्या माझ्याशी प्रथमच बोलल्या.